काळातील अचल क्षण

काळाचे कोडे मानवी मनाला फार प्राचीन काळापासून पडलेले आहे. धनुष्यातून सुटलेला बाण आणि तोंडातून निघालेला शब्द परत घेता येत नाही, असे जुनी माणसे सांगत आली. तरीही 'तेव्हा तसे घडले नसते तर' हा विचार ज्याच्या मनात कधीच आला नाही, असा माणूस विरळाच. कोणाला एखादा मृत्यू टाळता आला असता असे वाटते, कोणाला एखादे भांडण, तर कोणाला हातून निसटलेल्या एखाद्या संधीची हळहळ वाटत राहते. प्रत्यक्ष जीवनात या इच्छेला वाट नाही. म्हणून ती कथेत वाट शोधते. काळातून मागे-पुढे प्रवास करणाऱ्या माणसांच्या कथा जगभर लिहिल्या गेल्या आणि आवडीने वाचल्या गेल्या, त्याचे मूळ या इच्छेत आहे.

परंतु अशी कथा रचणाऱ्या लेखकापुढे लवकरच एक अडचण उभी राहते. कालप्रवाशाला भूतकाळातील काहीही बदलता येत असेल, तर कथेत धोका असा उरतच नाही. चुकले की मागे जायचे आणि दुरुस्त करायचे, एवढेच. उलट काहीच बदलता येत नसेल, तर कथानायक नाटकगृहातील प्रेक्षकासारखा हात बांधून बसतो. या दोन टोकांमधून वाट काढण्यासाठी एका इंग्रजी दूरचित्रवाणी मालिकेने एक कल्पना रूढ केली. काळ बहुतांशी लवचिक आहे. पण त्यातील काही क्षण मात्र कोणीही बदलू शकत नाही, किंवा बदलू नयेत, अशी ती कल्पना आहे. त्या क्षणांना मालिकेत 'फिक्स्ड पॉइंट इन टाइम' असे म्हटले जाते. मराठीत त्यांना 'अचल क्षण' म्हणता येईल. वरवर पाहता ही करमणुकीच्या कथेतील एक क्लृप्ती आहे. तिचा नीट विचार केला, तर मात्र बदलता न येणाऱ्या गोष्टींपुढे माणसाने कसे वागावे, या गंभीर प्रश्नापाशी ती नेऊन सोडते.

'डॉक्टर हू' हे त्या मालिकेचे नाव. ब्रिटनच्या बीबीसी या संस्थेने तिचा पहिला भाग २३ नोव्हेंबर १९६३ रोजी प्रसारित केला. १९८९ मध्ये ती थांबली आणि २००५ मध्ये नव्याने सुरू झाली. तिचा नायक आपले खरे नाव सांगत नाही. सर्वजण त्याला 'डॉक्टर' म्हणतात. तो परग्रहावरचा आहे आणि 'टार्डिस' नावाच्या यानातून अवकाशात व काळात कोठेही जाऊ शकतो. हे यान बाहेरून निळ्या रंगाच्या उभ्या पेटीसारखे दिसते. पोलिसांना दूरध्वनी करता यावा म्हणून अशा पेट्या पूर्वी ब्रिटनच्या रस्त्यांवर असत. मरणाच्या दारी पोहोचला की डॉक्टरचा देह पालटतो. त्यामुळे ही भूमिका निरनिराळ्या कलावंतांनी केली आणि २०१८ मधील भागांत ती जोडी व्हिटेकर या अभिनेत्रीने केली. डॉक्टरबरोबर बहुधा पृथ्वीवरची एखादी सामान्य व्यक्ती प्रवास करते. काळाचे नियम डॉक्टरला ठाऊक असतात. ते नियम न्याय्य आहेत का, हा प्रश्न विचारण्याचे काम मात्र त्या सामान्य सोबत्याकडे येते.

हा प्रश्न मालिकेच्या आरंभकाळातच विचारला गेला. १९६४ मध्ये प्रसारित झालेल्या 'द ॲझटेक्स' या कथेत डॉक्टर आणि त्याचे सोबती जुन्या मेक्सिकोतील ॲझटेक लोकांच्या राज्यात जाऊन पोहोचतात. सोबत्यांपैकी बार्बरा ही इतिहासाची शिक्षिका आहे. तेथील लोक तिला एका दिवंगत पुरोहिताचा अवतार मानतात. आपल्याला मिळालेल्या या मानाचा उपयोग करून नरबळीची प्रथा बंद करावी, असे तिला वाटते. ही प्रथा थांबली, तर पुढे येणारे युरोपीय आक्रमक या संस्कृतीचा नाश करणार नाहीत, अशी तिची आशा असते. डॉक्टर तिला परोपरीने बजावतो की, इतिहासात ढवळाढवळ करता येणार नाही. शेवटी तिचा प्रयत्न फसतो आणि बळी दिला जातो. परंतु तिच्या बोलण्याने एका पुरोहिताचे मन पालटलेले असते. तो आपले पद व मानमरातब सोडून सत्याच्या शोधात निघून जातो. संपूर्ण समाज बदलू पाहणाऱ्या बार्बराच्या हाती एका माणसाचे परिवर्तन लागते. डॉक्टरच्या दृष्टीने तेही थोडे नसते.

पुढे २००५ मध्ये मालिका नव्याने सुरू झाली, तेव्हा हाच प्रश्न एका घरगुती दुःखाच्या रूपाने आला. 'फादर्स डे' या भागातील रोझ ही तरुणी तान्ही असताना, १९८७ मध्ये, तिचे वडील एका मोटारीखाली सापडून मरण पावलेले असतात. चालक न थांबता पळून गेलेला असतो आणि शेवटच्या घटकेला वडिलांजवळ कोणीही नसते. आईने सांगितलेली ही हकीकत रोझच्या मनात सलत असते. डॉक्टर तिला त्या दिवशी, त्या रस्त्यावर घेऊन जातो. केवळ वडिलांचा हात धरावा एवढ्यासाठी ती गेलेली असते. परंतु मोटार येताना दिसताच तिला राहवत नाही आणि ती त्यांना बाजूला ओढते. वडील वाचतात, पण काळाला जखम होते आणि सारे जग संकटात सापडते. आपल्या जगण्याची किंमत काय आहे, हे ओळखून वडील स्वतःहून त्या मोटारीसमोर जातात. मृत्यू टळत नाही. मात्र या वेळी चालक थांबतो आणि एक अनोळखी तरुणी मरणाऱ्या माणसाचा हात हातात घेऊन अखेरपर्यंत बसून राहते. त्या दिवशी जे घडायचे ते घडतेच. त्यातील एकाकीपण तेवढे नाहीसे होते.

'अचल क्षण' ही कल्पना ठसठशीतपणे पुढे आली ती २००८ मधील 'द फायर्स ऑफ पोम्पेई' या भागात. पोम्पेई हे इटलीतील जुने रोमन नगर. इ. स. ७९ मध्ये व्हेसुव्हियस या ज्वालामुखीचा उद्रेक झाला आणि ते राखेखाली गाडले गेले. डॉक्टर आणि त्याची सोबतीण डोना उद्रेकाच्या आदल्या दिवशी तेथे पोहोचतात. आपण कोठे आहोत हे कळताच डोना म्हणते की, नगरातील लोकांना सावध केले पाहिजे. डॉक्टर नकार देतो. हा क्षण अचल आहे, असे तो सांगतो. डोना हे मान्य करत नाही. हजारो माणसे मरणार हे ठाऊक असताना गप्प बसणे तिला अमानुषपणाचे वाटते.

पुढे कथेला आणखी भयंकर वळण लागते. अग्नी आणि पाषाण यांनी घडलेले परग्रहवासी ज्वालामुखीची शक्ती वापरून साऱ्या पृथ्वीचा ताबा घेण्याच्या बेतात असतात. त्यांना रोखायचे, तर ज्वालामुखीचा उद्रेक डॉक्टरलाच घडवून आणावा लागणार असतो. एका बाजूला पोम्पेईतील वीस हजार माणसे, तर दुसऱ्या बाजूला सारी मानवजात. यंत्राच्या दांड्यावर डॉक्टरने ठेवलेल्या हातांवर डोना आपले हात ठेवते. हे पाप तो एकट्याने वाहणार नाही, एवढाच त्या स्पर्शाचा अर्थ असतो. उद्रेक होतो. डॉक्टर यानाकडे पळतो, तेव्हा डोना त्याला रडत रडत विनवते की, सारे नगर नाही तरी कोणाला तरी वाचव. डॉक्टर मागे वळतो आणि एका कुटुंबातील चार जणांना बाहेर काढतो. पोम्पेईचा विनाश अटळ राहतो, परंतु चार माणसे जगतात.

ही कल्पित कथा प्रत्यक्ष इतिहासाशेजारी ठेवून पाहण्यासारखी आहे. उद्रेकाच्या वेळी प्लिनी नावाचा रोमन विद्वान जवळच्या मिसेनम येथील आरमाराचा प्रमुख होता. निसर्गाचे कुतूहल म्हणून तो प्रथम निघाला. पण किनाऱ्यावरील लोकांकडून मदतीची याचना येताच त्याने मोठी जहाजे समुद्रात लोटली आणि इतर लोक जेथून पळत होते तेथे तो गेला. स्टॅबिए येथे त्याचा अंत झाला. ही हकीकत त्याच्या भाच्याने पत्रांत लिहून ठेवली, म्हणून ती आज ज्ञात आहे. पुढे १८६३ मध्ये जुझेप्पे फिओरेल्ली या उत्खननतज्ज्ञाने घट्ट झालेल्या राखेतील पोकळ्यांत प्लास्टर ओतले, तेव्हा मृत्यूच्या घटकेला माणसे कशी बसली होती, कशी कवटाळून निजली होती, याच्या आकृती हाती आल्या. खरा अचल क्षण कसा दिसतो, हे त्या आकृती पाहून कळते. त्यात आता कोणालाही बदल करता येणार नाही. परंतु त्याच घटकांत प्लिनी माणसांना वाचवण्यासाठी निघाला होता, ही गोष्टही तितकीच अचल आहे.

या कल्पनेवर एक आक्षेप घेता येतो आणि तो रास्त आहे. अमुक क्षण अचल आणि तमुक क्षण लवचिक, हे ठरवतो कोण? डॉक्टरला ते जाणवते, असे मालिका सांगते. परंतु त्याची निश्चित कसोटी ती कोठेही देत नाही. सोयीप्रमाणे नियम लावला जातो, असे म्हणण्यास त्यामुळे जागा राहते. २०११ मधील एका कथेत खुद्द डॉक्टरचा मृत्यू हाच अचल क्षण ठरलेला असतो. अमेरिकेतील एका सरोवराच्या काठी, ठरलेल्या दिवशी व ठरलेल्या वेळी, तो मरणार असतो. तेथे मात्र पळवाट सापडते. डॉक्टरसारखे दिसणारे एक यंत्र त्याच्या जागी उभे राहते, जग त्याला मृत समजते आणि डॉक्टर वाचतो. नायकासाठी पळवाट निघाली. पोम्पेईतील वीस हजारांसाठी ती निघाली नाही. हा भेद विचारी प्रेक्षकाला बोचल्यावाचून राहत नाही. खऱ्या जगातही 'याला इलाज नाही' हे वाक्य बहुधा दुर्बळांच्या दुःखाविषयीच उच्चारले जाते, हे लक्षात घेतले म्हणजे या आक्षेपाचे वजन अधिकच वाढते.

मालिकेच्या लेखकांना या धोक्याची जाणीव नव्हती असे मात्र नाही. २००९ मधील 'द वॉटर्स ऑफ मार्स' हा भाग त्याची साक्ष देतो. या कथेतील मानवी वसाहत मंगळावर आहे आणि काळ आहे २०५९ चा. वसाहतीची प्रमुख ॲडलेड ब्रुक ही तेथील सर्व सहकाऱ्यांसह एका स्फोटात मरणार, हे डॉक्टरला ठाऊक आहे. तिच्या मृत्यूने प्रेरित होऊन तिची नात पुढे दूरच्या ताऱ्यांपर्यंत जाणार असते. म्हणून हा क्षण अचल असतो. डॉक्टर प्रथम निघून जातो. मागे मरणाऱ्यांचा आक्रोश त्याला ऐकू येत राहतो आणि अखेर तो परत फिरतो. तो तिघांना वाचवून पृथ्वीवर आणतो. येथपर्यंत प्रेक्षकाला आनंदच होतो. पण नंतर डॉक्टर जे बोलतो, ते ऐकून अंगावर काटा येतो. काळाचे नियम आता आपल्या आज्ञेत आहेत, कोणाला जगवायचे हे आपण ठरवू, असा त्याचा सूर असतो. वाचवलेल्या इतर दोघांचा उल्लेख तो किरकोळ माणसे म्हणून करतो. एवढी सत्ता एकाच्या हाती असू नये, असे ॲडलेड त्याला ठणकावते. त्यानंतर ती घरात जाऊन स्वतःचे जीवन संपवते. डॉक्टरने केलेला बदल टिकत नाही.

ॲडलेडची ही कृती अनुकरणीय नव्हे; परंतु तिचा प्रश्न महत्त्वाचा आहे. माणसाला वाचवणे हे सत्कार्य आहे. त्या कार्यातून 'मीच कर्ता' हा अहंकार उपजला आणि वाचवलेल्यांत मोठे व किरकोळ अशी प्रतवारी सुरू झाली, की सत्कार्याला कीड लागते. पोम्पेईत डोनाने हात पुढे केला तो दुःखाचा भार वाटून घेण्यासाठी; मंगळावर डॉक्टर एकटा होता आणि त्याला थोपवणारा सोबती जवळ नव्हता. दोन्ही कथांतील अंतर येथे आहे.

बदलता न येणाऱ्या दुःखाजवळ कसे उभे राहावे, हे सर्वांत हळुवारपणे सांगणारी कथा भारताच्या भूमीवर घडते. २०१८ मध्ये प्रसारित झालेल्या 'डीमन्स ऑफ द पंजाब' या भागाचे लेखक विनय पटेल आहेत. कथेचा काळ ऑगस्ट १९४७ हा आहे. सिरिल रॅडक्लिफ हे इंग्रज वकील ८ जुलै १९४७ रोजी भारतात आले. त्यापूर्वी त्यांनी हा देश पाहिलेलाही नव्हता. अवघ्या पाच आठवड्यांत त्यांनी पंजाब आणि बंगाल यांना चिरणारी सीमारेषा आखली आणि स्वातंत्र्यानंतर दोन दिवसांनी, १७ ऑगस्टला, ती जाहीर झाली. त्या रेषेच्या दोन्ही बाजूंना लाखो माणसे मारली गेली आणि सव्वा कोटीच्या आसपास लोकांना घरदार सोडावे लागले. या पार्श्वभूमीवर कथेतील उम्ब्रीन ही मुसलमान तरुणी आणि प्रेम हा हिंदू तरुण विवाह करतात. डॉक्टरची सोबतीण यास्मिन ही उम्ब्रीनची नात. परंतु प्रेम तिचा आजोबा नव्हे. आजीने या पहिल्या विवाहाविषयी घरात कधी अवाक्षरही काढलेले नसते. प्रेमचा मृत्यू होणार हे यास्मिनला कळते, आणि तो टळला तर आपण जन्मालाच येणार नाही, हेही तिला उमगते.

या कथेतील परग्रहवासी प्रथम मारेकरी वाटतात. ते एकेकाळी मारेकरी होतेही. त्यांचे सारे जग एका घटकेत नष्ट झाले आणि आपल्या मृतांसाठी शोक करण्याचीही संधी त्यांना मिळाली नाही. तेव्हापासून विश्वात जेथे जेथे माणसे एकाकी मरतात, तेथे जाऊन त्यांच्या मृत्यूचे साक्षी व्हायचे, हे व्रत त्यांनी घेतलेले असते. प्रेमचा स्वतःचा धाकटा भाऊच दंगेखोरांना घेऊन येतो. पत्नी व सासू यांना निसटता यावे म्हणून प्रेम त्यांच्यासमोर उभा राहतो आणि मारला जातो. डॉक्टर आणि यास्मिन पाठ फिरवून चालू लागतात, कारण त्या क्षणात त्यांना हात घालता येत नाही. परंतु प्रेम एकटा मरत नाही. ते साक्षीदार त्याच्याजवळ उभे असतात. फाळणीत मरण पावलेल्या असंख्य माणसांची नावे कोठेही नोंदलेली नाहीत. त्यांना आता कोणी जिवंत करू शकणार नाही. त्यांची आठवण ठेवणे मात्र आजही शक्य आहे, आणि ती सर्व बाजूंच्या मृतांची ठेवली, तरच ती न्यायाची ठरते.

त्याच वर्षी प्रसारित झालेला 'रोझा' हा भाग याच प्रश्नाची दुसरी बाजू दाखवतो. अमेरिकेतील माँटगोमेरी शहरात १ डिसेंबर १९५५ रोजी रोझा पार्क्स या कृष्णवर्णीय महिलेने गोऱ्या प्रवाशासाठी बसमधील जागा सोडण्यास नकार दिला. त्यांना अटक झाली. त्यातून बसगाड्यांवरील बहिष्कार उभा राहिला. तो ३८१ दिवस चालला आणि सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयानंतर बसमधील वर्णभेद संपला. कथेत एक खलपुरुष भविष्यातून येऊन ही घटना घडूच नये अशी कारस्थाने करतो. ती घडावी म्हणून डॉक्टर आणि सोबत्यांना त्याच बसमध्ये बसून राहावे लागते. रोझा यांचा अपमान डोळ्यांदेखत होत असताना त्यांच्या मदतीला उठता येत नाही, ही त्यांची शिक्षा असते.

येथे एका गोष्टीकडे बारकाईने पाहिले पाहिजे. तो क्षण अचल आहे, हे भविष्यातून आलेल्या डॉक्टरला ठाऊक आहे. रोझा पार्क्स यांना ते ठाऊक नव्हते. त्यांच्या दृष्टीने त्या सायंकाळी काहीच ठरलेले नव्हते. उठावे की बसून राहावे, हा निर्णय त्यांना भीती गिळून स्वतः घ्यावा लागला. त्याच शहरात २ मार्च १९५५ रोजी क्लॉडेट कोल्विन या १५ वर्षांच्या मुलीने अशाच कारणासाठी अटक पत्करली होती. अशा अनेकांच्या धैर्याने तो डिसेंबरचा क्षण घडला. आज तो दगडावर कोरल्यासारखा वाटतो. परंतु घडत असताना तो ओल्या मातीसारखा होता. इतिहासातील प्रत्येक अचल क्षण एकेकाळी कोणाचा तरी वर्तमान होता आणि त्यात माणसांनी निवड केलेली होती. अचल क्षणाच्या कल्पनेचे मर्म हेच आहे. क्षण घडून गेल्यावरच तो अचल होतो. घडण्यापूर्वी त्याला अचल म्हणण्याचा अधिकार कोणालाही नाही.

मराठी विज्ञानकथेने या प्रश्नाकडे वेगळ्या दिशेने पाहिले आहे. खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर यांच्या एका प्रसिद्ध कथेत इतिहासाचे एक प्राध्यापक अशा जगात जाऊन पोहोचतात, जेथे पानिपतची तिसरी लढाई मराठ्यांनी जिंकलेली असते. १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना गोळी लागली आणि लढाईचे पारडे फिरले, हा ज्ञात इतिहास. त्या दुसऱ्या जगात गोळी थोडक्यात हुकलेली असते. नारळीकरांच्या कल्पनेत एका निर्णायक क्षणातून जगाला दोन वाटा फुटतात. 'डॉक्टर हू'च्या विश्वात तो क्षण खुंटीसारखा पक्का रोवलेला असतो. दोन्ही कल्पना भिन्न असल्या, तरी एका बाबतीत त्यांचे एकमत आहे. एक क्षण, एक माणूस, एक निर्णय यांना फार मोठे मोल आहे, हे दोन्ही कथा सांगतात.

खऱ्या जगात या विवेकाची गरज कथेतल्यापेक्षा अधिक आहे. 'नशिबात होते ते घडले' असे म्हणून दुःख गिळणे हा भारतीय मनाचा जुना आधार आहे. गेलेल्या माणसाविषयी बोलताना हा आधार समजण्यासारखा आहे. परंतु तेच वाक्य पुढे घडणाऱ्या गोष्टींविषयी उच्चारले जाते, तेव्हा आधाराचे रूपांतर आळसात होते, आणि कधी कधी अपराधातही. सत्यवानाचे आयुष्य एक वर्षाचेच उरले आहे, हे नारदांनी सावित्रीला आधीच सांगितले होते. तिने ते भविष्य हात जोडून स्वीकारले नाही. ती यमाच्या मागे चालत गेली आणि बोलत राहिली. लोकांनी तिला शतकानुशतके स्मरणात ठेवले, ते तिच्या या न थांबण्यामुळे.

ओडिशाच्या किनाऱ्यावर २९ ऑक्टोबर १९९९ रोजी महाचक्रीवादळ आले. त्यात सुमारे दहा हजार माणसे मरण पावली. तो दिवस आता अचल आहे. परंतु त्या दिवसाचे स्मरण ठेवून किनाऱ्यावर निवारे बांधले गेले, इशारा गावोगाव पोहोचवण्याची व्यवस्था उभी राहिली, माणसांना हलवण्याचा सराव झाला. १२ ऑक्टोबर २०१३ रोजी 'फायलिन' हे तीव्र चक्रीवादळ गोपाळपूरजवळ येऊन धडकले, तेव्हा सुमारे दहा लाख लोक आधीच सुरक्षित जागी गेलेले होते आणि मृतांची संख्या शंभराच्या आत राहिली. वादळ थांबवणे कोणाच्याही हाती नव्हते; माणसे हलवणे हाती होते. व्हेसुव्हियसच्या बाबतीतही हेच दिसते. तेथे १८४१ मध्ये वेधशाळा स्थापन झाली, आणि आज धोक्याच्या पट्ट्यात राहणाऱ्या सहा लाखांहून अधिक लोकांना ७२ तासांत बाहेर काढण्याची योजना इटलीने आखलेली आहे. इ. स. ७९ चा उद्रेक अचल आहे. पुढचा उद्रेक नाही. दोहोंतील फरक ओळखणे यालाच शहाणपण म्हणतात.

व्यक्तीच्या जीवनालाही हाच न्याय लागू पडतो. ज्या वयात शाळेत जायचे, त्या वयात एखाद्याला शेतावर, गवंड्याच्या हाताखाली किंवा लहान भावंडांना सांभाळण्यासाठी जावे लागले असेल, तर ती वर्षे परत येणार नाहीत. त्याविषयी कितीही खंत केली, तरी त्यांत बदल होणार नाही. परंतु 'शाळा सुटली ती सुटलीच' हे वाक्य भूतकाळाविषयी खरे असले, तरी उद्याविषयी खरे नाही. पन्नाशीत पहिले पत्र स्वतःच्या हाताने लिहिणारी स्त्री आपले बालपण बदलत नाही. ती स्वतःचा पुढचा काळ बदलते, आणि बहुधा घरातील मुलींचाही. सक्तीने निसटलेल्या वर्षांना दैव म्हणण्यापेक्षा ती कोणत्या परिस्थितीने हिरावली, हे समजून घेणे अधिक हिताचे आहे. परिस्थितीचे कारण कळले, तर पुढच्या पिढीसाठी ती बदलता येते. दैव मात्र कोणालाच बदलता येत नाही.

पंजाबच्या त्या कथेत एक मनगटी घड्याळ आहे. विवाहाच्या वेळी प्रेमच्या हातून ते खाली पडते आणि बंद होते. हा आपला क्षण, असे मानून ते घड्याळ कधीही दुरुस्त न करण्याचे तो ठरवतो. उम्ब्रीन ते सीमेपार घेऊन जाते, आयुष्यभर जपते आणि म्हातारपणी नातीच्या हाती सोपवते. त्या घड्याळाचे काटे विवाहाच्या क्षणावर थांबलेले आहेत. तिचे आयुष्य मात्र तेथे थांबले नाही. नव्या देशात आणि पुढे दूरच्या इंग्लंडमध्ये तिने संसार केला, मुले वाढवली, नातवंडे पाहिली. थांबलेले घड्याळ जपून ठेवावे, त्याच्याशी प्रामाणिक राहावे. दिवसाची वेळ मात्र चालत्या घड्याळावर पाहावी. अचल क्षणांच्या या कथा अखेर एवढेच सांगतात.